सर्वणच्या ब्राझीलचा इतिहास

"ह्यां पान काढा, मास्तर," यशोदा म्हणाली. "नाय तर सगळे कागद चुलीत घालतंय."

गणेश मास्तरांनी कागद छातीशी धरले. बाई बोलते तसे करते, हे सर्वणात सगळ्यांना ठाऊक होते.

गावच्या फुटबॉल क्लबला पंचवीस वर्षे होत होती. बासष्ट साली ब्राझीलने वर्ल्डकप जिंकल्याचे रेडिओवर ऐकून पोरांनी क्लब काढला आणि बेधडक नाव ठेवले 'ब्राझील'. पिवळी जर्सी कुठून आणणार? गंजिफ्रॉक हळदीत बुडवले. पहिल्याच मॅचला घामाने सगळ्यांच्या अंगाला हळद लागली आणि समोरची माणसे विचारू लागली, ह्यांतला नवरा कोण?

आता सत्याऐंशीत स्मरणिका निघणार होती. ती मराठीत की कोकणीत, यावर कमिटीच्या दोन बैठका मोडल्या. शेवटी निम्मी-निम्मी ठरली. इतिहास लिहिणे मास्तरांच्या गळ्यात पडले.

त्यात एकच पान अवघड होते. सहासष्टची फायनल, चोपडे गावच्या टीमशी. एका खाणमालकाने शब्द दिला होता, जिंकाल तर अकराही जणांना वास्कोला कंपनीच्या टीममध्ये घेतो. नोकरी पक्की, राहायला एकट्यापुरती जागा. शेवटच्या मिनिटाला एक मऊ बॉल घरंगळत आला. म्हाताऱ्या माणसानेही धरला असता. तो गोलकीपर रामचंद्राच्या दोन हातांमधून आत गेला.

दहा जण पुढे बार्जवर खनिज भरत राहिले. रामचंद्राने घरचे कुळागर, माड-पोफळीची बाग, सांभाळली. तेव्हा त्याच्या लग्नाला सहा महिने झाले होते. गाव त्याच्याशी बोलायचे थांबले नाही, पण कुठल्याही बोलण्यात ती मॅच आल्याशिवाय राहायची नाही.

मास्तरांनी लिहिले होते, 'आमच्याच माणसाने जाणूनबुजून गोल सोडला आणि दहा घरांची भाकरी घालवली.' छापण्याआधी ज्याचे त्याला वाचून दाखवावे, एवढी माणुसकी त्यांच्यात होती. सोबत क्लबचा अध्यक्ष धाकू होता. त्या टीमचा बॅक. टोपल्या वाहून त्याची पाठ वाकली होती.

यशोदाचा नवरा रामचंद्र आपल्या ओसरीवर, बाकावर सुपारी कातरत होता.

"तू तरी काय तां बोल रे," धाकू म्हणाला.

"लिवतत तर लिवूंदेत."

"कित्याक लिवूंदेत?" यशोदा उसळली. "बोलल्यालां वाऱ्यार जाता, छापल्यालां ऱ्हवता. आमच्या कोमलान वाचूचां काय, आपलो बापूस गावाक नडलो म्हणून? माझ्या घोवान गोल सोडूक नाय. शंभरदा सांगलंय."

शंभरदा म्हणजे कमीच. एकवीस वर्षे ती अशीच उसळत आली होती. विहिरीवर कुणी चकार शब्द काढला, की कळशी खाली ठेवून भांडायला उभी. क्लबच्या पूजेचा प्रसाद तिने कधी घरात घेतला नाही. रामचंद्राने स्वतः 'मी सोडला नाही' असे कुणाला सांगितल्याचे गावाला आठवत नव्हते. ते सांगायला ती होती. बायको असावी तर अशी, हे तिच्याशी भांडून आलेल्या बायकाही म्हणत.

"मगे एक करूया," धाकू म्हणाला. "देवीक कौल लावया. ती सांगतली तां छापूया."

यशोदा आत गेली, चुलीवरचा भात उतरवून बाहेर आली.

"लावा," म्हणाली.

सोयरीक असो की बांधाचा तंटा, गावात शेवटचा निकाल देवीचा. गुरव मूर्तीवर दोन ओल्या पाकळ्या चिकटवतो आणि गाऱ्हाणे घालतो. उजवी आधी पडली तर होय, डावी पडली तर नाही. त्यावर अपील नाही.

सोमवारी सकाळी अर्धे गाव देवळात होते.

"बाय माते," गुरवाने आवाज लावला, "ह्या तुझ्या लेकरान त्या दिवशी जाणून गोल सोडूक नसलो, तर उजवी दी!"

पाच मिनिटे गेली, दहा गेली. यशोदा खांबाला धरून उभी होती, ओठ पुटपुटत होते. रामचंद्र मूर्तीकडे बघतच नव्हता. तो बायकोकडे बघत होता. डावी पाकळी जराशी सरकली. "अरे देवा," कुणीतरी म्हणाले. यशोदाने डोळे मिटून घेतले.

आणि उजवी सुटून खाली पडली.

एकच गलका झाला. धाकू वाकल्या पाठीने धावत आला आणि रामचंद्राच्या गळ्यात पडला. "एकवीस वर्सां तुका गाळी घातलंय रे! माका माफ कर." तो हमसून रडत होता. दहा जणांतले जे हयात होते ते सगळे येऊन रामचंद्राच्या पाया पडले. त्याने मान वर केली नाही. बिचारा, किती सोसले, असे बायका म्हणाल्या. मास्तरांनी ते पान देवीसमोर फाडले आणि नवे वाक्य तिथेच लिहून घेतले. यशोदाचा फोटोही छापायचा ठरला. खऱ्यासाठी लढलेली बाई म्हणून.

दुपारी दोघे घरी आली. कोमल अजून कॉलेजातून यायची होती. यशोदाने सोवळे बदलले नाही, चूल पेटवली नाही. ती उंबऱ्यावर बसली.

"देवीन..." ती म्हणाली.

रामचंद्राने पाण्याचा तांब्या तिच्यापुढे ठेवला आणि शेजारी टेकला.

"भिऊ नको," तो म्हणाला. "गोल सोड म्हणून तूच सांगलंस, तां मी देवीकसुद्धा सांगूक नाय."