शून्याचं टोक

"शून्याचं टोक कोण धरणार?" मोजणीदाराने विचारलं.

"मी धरते," ती म्हणाली. शिलाई मशीनवरून तशीच उठून आली होती. गळ्यातली कापडाची टेप काढायचं भान राहिलं नव्हतं.

धाकटा दीर हसला. "वहिनी, जमीन आहे ही. सदरा शिवायचा नाहीये."

"माप ते मापच, भाऊजी."

दोन घरांच्या मधल्या चिंचोळ्या पट्टीत लिंबोणीचं एक झाड होतं. तिच्या नवऱ्याने लावलेलं. तो गेल्यावर दीर म्हणू लागला, झाड आमच्या हद्दीत येतं. दोन वर्षांपूर्वी हाच मोजणीदार हीच पट्टी मोजून गेला, तेव्हा ती लेकीच्या बाळंतपणाला गेली होती. नोटीस तिच्या कुलूपबंद दारावर चिकटवली आणि नकाशावर तिच्या सहीच्या जागी 'गैरहजर' असं लिहून टाकलं. खालच्या कोर्टाने त्या नकाशावर निकाल दिला. ती अपिलात गेली. वरच्या न्यायाधीशबाईंनी झाड कोणाचं ते सांगितलंच नाही. कुलपाला कळवलं म्हणजे माणसाला कळवलं असं होत नाही, एवढंच म्हणाल्या. पुन्हा मोजा, दोघांना उभं करून मोजा.

कचेरीत मोजणीदार एकच. त्यामुळे आला तोच, आणि तोंड पाडून आला.

"वीस वर्षं मोजतोय मी, बाई. माझं माप चुकत नाही."

"चुकलं असं मी कुठे म्हटलं, साहेब?" तिचा आवाज नेहमीसारखाच खालच्या पट्टीत होता. "गिऱ्हाईक समोर नसलं तर मीही जुन्या कपड्यावरून माप घेते. पण मग कच्ची शिलाई घालते. पक्की, माणूस आल्यावर."

मोजणीदाराने कोपऱ्यातल्या हद्दीच्या दगडावरची माती बुटाने बाजूला केली. "इथून सुरुवात. दगड दोघांना मान्य?"

"मान्य," दीर लगेच म्हणाला.

ती खाली बसली. हाताने दगड पुसला, वरची फुली बोटाने चाचपून बघितली. सासऱ्यांनी लग्नाच्या दुसऱ्याच दिवशी तिला हद्द दाखवली होती, ती याच फुलीपासून. तिला घाई कोणीच केली नाही.

"मान्य," ती म्हणाली आणि मोजणीच्या टेपचं शून्याचं टोक फुलीवर दाबून धरलं.

मोजणीदार टेप सोडत पलीकडे चालत गेला. आकडा वाचायला वाकला, तोच ती म्हणाली, "साहेब, मधे झोल आहे."

त्याने वळून बघितलं. टेप खरंच पोटात लोंबली होती. त्याने ताणली.

"अजून जरा."

"वहिनी, तुटेल ती," दीर म्हणाला, पण स्वतःच मधे जाऊन त्याने टेप तळहातावर तोलून धरली.

आकडा लिहिला. दुसऱ्या दगडापासून मोजलं, तोही लिहिला. मग मोजणीदाराने दोरी ताणली, तिच्याखालून चुना टाकला आणि जुना नकाशा नव्याशेजारी धरून बराच वेळ बघत राहिला.

"तेवढंच आहे," तो शेवटी म्हणाला. या वेळी त्याच्या आवाजात तोरा नव्हता. "बोटाचाही फरक नाही. झाड त्यांच्याकडे येतं, बाई."

चुन्याची रेघ बुंध्याच्या अलीकडून, वीतभर अंतरावरून गेली होती.

तिने झाडाकडे बघितलं. मग हात पुढे केला. "पेन द्या."

दोन सह्यांच्या दोन जागा होत्या. तिने आपल्या जागी सावकाश पूर्ण नाव लिहिलं. शाई वाळेपर्यंत कागद तसाच धरून ठेवला.

दिराला राहवलं नाही. "मग दोन वर्षं हेलपाटे कशाला घातलेत, वहिनी? निघालं तर तेच."

टेपचं टोक मातीने भरलं होतं, ते पुसून तिने मोजणीदाराच्या हातात दिलं.

मोजणीदार गेला. दीर रेघेपलीकडे पायाने खडे सारत उभा राहिला. मग खालीच बघत म्हणाला, "झाड काही मी तोडत नाही. तुम्हाला लिंबं लागतील तेव्हा घेत जा. विचारायची गरज नाही."

"नको, भाऊजी," ती हळूच म्हणाली. "विचारूनच घेईन."

ती आत गेली आणि वाटी घेऊन परत आली. चुना अजून ओला होता. रेघेच्या अलीकडे, पावलं जुळवून ती उभी राहिली.

"भाऊजी, दोन लिंबं घेऊ का?"

दिराने मान वर केली. मग स्वतःच फांदी वाकवली आणि ती रेघेच्या अलीकडे, तिच्या हाताला येईल इतकी खाली धरून ठेवली.