दिव्यांचा दोष

"लाइट का प्रॉब्लेम है, बोल दो उसको. तुम्हारी जबान का है, बुरा नहीं मानेगा," जाहिरातीचा निर्माता मजीद हळूच म्हणाला.

हरीशला शिसारी आली. आखातातल्या अर्दियाच्या गोदामांमधल्या या स्टुडिओत अठरा वर्षं दिवे तोच लावत होता. आजही दिवे चोख होते.

एका सुपरमार्केटच्या 'जर्मन आठवड्या'ची जाहिरात होती. तिच्यासाठी म्युनिकहून आशयला बोलावलं होतं. आईवडील सांगलीचे, पण पोरगा बव्हेरियात जन्मलेला; तिथल्या टीव्हीवर तिथल्याच बोलीत गावोगावच्या जत्रा दाखवायचा. मजीदनं फॉलोअर मोजून तिकीट काढलं आणि चेहरा बघायचं राहूनच गेलं. आता तो चेहरा समोर उभा होता. चांगला काळासावळा, हसरा. अंगात त्याची स्वतःची चामड्याची चड्डी, डोक्यावर पीस खोवलेली हिरवी टोपी. मघाशी मांड्यांवर, टाचांवर फटाफट थापा मारत त्यानं तिकडचा नाच करून दाखवला, तेव्हा चहावालासुद्धा कप खाली ठेवून बघत राहिला होता.

"लड़का अच्छा है, पर जर्मन लगता नहीं." मजीदची नजर हरीशच्या गोऱ्या तोंडावर, घाऱ्या डोळ्यांवर येऊन थांबली. "उसके कपड़े तुम पहन लो. आवाज बाद में डाल देंगे."

खिशातला फोन थरथरला. बायकोचा, लताचा असणार. त्यांच्या मुलाला, अभिनवला, सांगून आलेल्या मुलीच्या घरी, मंगफला राहणाऱ्या प्रणिताकडे, आज उत्तर कळवायचं होतं. काय कळवायचं ते हरीश सकाळीच सांगून निघाला होता. त्यानं फोन घेतला नाही.

"काका, माझ्यामुळे थांबलंय का?" आशयनं विचारलं. टोपी आता त्याच्या हातात होती.

माणूस कातडीवरून जोखायचा, ते तोंडावर सांगायची धमक नाही म्हणून बिचाऱ्या दिव्यांवर ढकलायचं. असल्याच्या हातचं पाणीसुद्धा पिऊ नये, असं हरीशला वाटलं. तो भिंतीशी गेला आणि त्यानं मेन स्विच खाली ओढला. सगळीकडे अंधार झाला.

"अब है लाइट का प्रॉब्लेम," तो म्हणाला. "वो कैमरे के सामने खड़ा रहेगा, तब मिटेगा."

मजीदनं आदळआपट केली, दोन फोन लावले. पण दुसरा दिवेवाला ऐन वेळी मिळणार कुठून? शेवटी झक मारत हो म्हणाला. आशयनं तीन टेकमध्ये काम उरकलं आणि जाताना हरीशच्या पाया पडला.

बाहेर येऊन हरीशनं लताला फोन लावला. आजचा पराक्रम कधी एकदा सांगतो असं त्याला झालं होतं. पण तिनं त्याला बोलूच दिलं नाही.

"प्रणिताकडे नकार कळवला हो. मुलीच्या रंगाबद्दल चकार शब्द काढला नाही. तुम्ही सांगितलंत तसं, पत्रिका जुळत नाही म्हटलं."