तिजोरीतली जागा

खिडकीतून बँकवाल्या ऑर्विल टॅल्काटला आधी दोर दिसले, मग माणसं. सगळं कॉटनवुड फोर्क गाव बर्फ तुडवत बँकेकडे येत होतं आणि पुढच्यांच्या खांद्यांवर जाड दोर होते.

बँकेची तिजोरी म्हणजे मागची दगडी खोली. तिच्यासारखं लोखंडी दार अख्ख्या खोऱ्यात नव्हतं आणि गावाला त्या दाराचा भारी अभिमान. दारामागे आता काहीच नाही, हे एकट्या टॅल्काटला ठाऊक होतं. गावाचं सोनं त्याने चांदीच्या खाणीत घातलं आणि खाणीत लागलं पाणी. मागे एका घोडेचोराला याच लोकांनी पुलावरून लटकवलं होतं. घोडा तर एकाच माणसाचा होता.

पळावं तर बाहेर कमरेइतका बर्फ. तो पायरीवर आला आणि निवडणुकीतल्या उमेदवारासारखा तोंडाला येईल ते बोलत सुटला. ‘‘मंडळी, ऐका! पूल नवा बांधू! शाळेवर छप्पर घालू! मी स्वतः राजधानीत जाऊन भांडेन!’’

लोक एकमेकांकडे बघू लागले.

‘‘ते नंतर, साहेब,’’ हॅस्कल लोहार म्हणाला. ‘‘आपल्या प्रॉसरची बायको गेली. जमीन दगड झालीय, कुदळ लागत नाही. गेल्या हिवाळ्यात बर्फात ठेवलेलं प्रेत लांडग्यांनी ओढून काढलं. बर्फ वितळेपर्यंत तिला तुमच्या तिजोरीत ठेवू द्या.’’

दोर बर्फावरून ओढायच्या घसरगाडीचे होते. गाडीवर शवपेटी होती. टॅल्काटला हायसं वाटलं, पण क्षणभरच. तिजोरी उघडावी लागणार होती.

नाही म्हणायला तोंड कुठे होतं? त्या थंडीत सगळे टोप्या काढून उभे होते. किल्ली दोनदा त्याच्या हातून खाली पडली. ‘‘गारठाच तसा आहे,’’ कुणीतरी कनवाळूपणे म्हणालं.

घरच्या माणसाने दिवा घेऊन आधी आत जायचं, हा तिथला रिवाज. एव्हान प्रॉसर, मेंढ्या राखून म्हातारा झालेला अबोल माणूस, कंदील घेऊन आत गेला. टॅल्काटने डोळे मिटले. आता हा ओरडणार.

प्रॉसर बाहेर आला तेव्हा त्याचा चेहरा पांढराफटक पडला होता.

‘‘जागा आहे,’’ तो म्हणाला. ‘‘पेटी मी आणि साहेब नेऊ. बाकी कुणी नको. माझ्या ग्वेनला गर्दी आवडायची नाही.’’

दोघांनी पेटी ओढत आत नेली आणि रिकाम्या फळ्यांखाली टेकवली.

‘‘तिने अंडी विकून साठवलेले पैसेसुद्धा इथेच होते ना रे?’’ प्रॉसरने हळूच विचारलं.

‘‘एव्हान, मी...’’

‘‘गप. बड्या गुरांवाल्यांनी आमच्या ओढ्याचं पाणी अडवलंय. राजधानीत मला माझा माणूस हवा.’’

बाहेर येऊन त्याने आवाज चढवला. आयुष्यात पहिल्यांदाच. ‘‘सोन्याशेजारी माझ्या बायकोला जागा दिली या माणसाने! येत्या निवडणुकीत याला नाही राजधानीत पाठवायचं तर कुणाला?’’

टोप्या हवेत उडाल्या. टॅल्काटने दार लावून किल्ली फिरवली. बर्फ वितळेपर्यंत ते दार उघडायला सांगण्याचं पाप गावात कुणीच करणार नव्हतं. तो वाचला होता. त्याला रडू येत होतं.

प्रॉसरने घसरगाडीचा दोर गुंडाळून खांद्यावर टाकला आणि टॅल्काटच्या कानाशी वाकला.

‘‘हात वर कर, ऑर्विल. सवय होऊ दे. राजधानीत मत द्यायला तो मी सांगेन तेव्हाच वर करायचाय.’’