गुहेबाहेरची बाई

“ती बाई गुहेबाहेर उभी राहून बेटाच्या बोलीत ओरडत होती. आपल्याच जपानी सैनिकांनी तिला शत्रूची हेर ठरवून गोळी घातली,” गिमा गुरुजी म्हणाले.

शिहोने कॅमेरा चालूच ठेवला. ओकिनावाच्या लढाईवरचा तिचा माहितीपट या बाईपाशी सहा वर्षं अडून बसला होता. ती कोण, कुठली, कुणालाच सांगता येत नव्हतं. त्या गुहेतून वाचलेल्यांपैकी आता एकटे गुरुजी उरले होते, तेही नव्वदीचे. त्यांनी तोंड उघडलं नाही, तर बाई कायमची हेरच राहणार होती.

“काय ओरडत होती ती?” शिहोने विचारलं.

“अगं, चुकीच्या माणसाला विचारतेस!” चहा घेऊन आलेली त्यांची पुतणी हात्सुए हसली. “आमच्या काकांना इथली बोली येतच नाही. अख्खं गाव त्यांना ‘तोक्योचे जावई’ म्हणतं.”

शिहोलाही हसू आलं. ती जन्माने तोक्योची, पण म्हातारा तिच्याहून शुद्ध बोलत होता. जपानी शिकवण्यात हयात गेलेली. मासळीवालीशी भाव करतानासुद्धा म्हणे व्याकरण सुटत नसे.

गुरुजी हसले नाहीत.

“शाळेत बोलीतला एक शब्द जरी तोंडातून गेला, तरी गळ्यात लाकडी पाटी अडकवायचे,” ते म्हणाले. “दुसरं पोर चुकेपर्यंत ती उतरत नसे. माझ्या गळ्यात ती कधी पडली नाही. मी बारा वर्षांचा होतो, पळापळीत आईपासून चुकलेला. गुहेतले सैनिक माझी पाठ थोपटायचे. म्हणायचे, हा खरा जपानी.”

“मग?”

“हुकूम निघाला होता. बोलीत बोलेल तो हेर. ती बाई ओरडायला लागली, तेव्हा सार्जंटने मला विचारलं, ही काय बडबडतेय? मी म्हणालो, मला कळत नाही.”

सहा वर्षं ती बाईच्या मरणाला जबाबदार असलेला सैनिक शोधत होती, आणि समोर बसला होता हा मास्तर. तिला त्याची चीड आली, कीवही आली.

“पण गुरुजी, तुम्हाला खरंच कळलं नव्हतं?”

गुरुजींनी डोळे मिटले. मग त्यांच्या तोंडून बोलीतलं एक वाक्य बाहेर पडलं, हेल काढून, लांबून कुणाला हाक मारावी तसं. शिहोला त्यातलं अक्षरही समजलं नाही. हात्सुए मात्र पांढरीफटक पडली.

“काय म्हणाले ते?” शिहोने विचारलं.

हात्सुएने काकांकडे बघतच ते जपानीत सांगितलं.

“‘भिऊ नकोस रे बाळा, बाहेर ये. आईच आहे मी.’”