राजाला सुतक नाही

"राजे, तुमची प्रजा गेली," मुकादम फोनवर म्हणाला. "बाजारामागच्या चेंबरला या. हवालदार येऊन बसलाय."

वाचनालयात त्यानं पुस्तक मिटलं. तसाच तो उठला.

गटारात उतरणाऱ्यांनी आपसात पदव्या वाटून घेतल्या होत्या. उतरतो तो महाराज. वर दोरी धरतो तो सरदार. गाळाची बादली ओढतो तो दिवाण. नोकरी म्हणजे गादी. ही गादी बापाकडून पोराकडेच जायची, कारण दुसरं कुणी ती फुकटातही घेत नसे. वरचे साहेब याला वारसाहक्क म्हणत आणि वर आभाराची अपेक्षा ठेवत.

त्याचे वडील मिसरूड फुटल्यापासून महाराज होते. एकदा चेंबरचं लोखंडी झाकण पडून त्यांच्या डाव्या पायाचा अंगठा गेला. शुद्धीवर आल्यावर म्हणाले, "दहा किल्ल्यांतला एक पडला. नऊ शाबूत आहेत. राज्य चालेल." आई हसता हसता रडली होती.

गादी सोडायची वेळ आली तेव्हा हसणं संपलं. वारस बसला नाही तर राहती खोली जाणार होती. वारस पदवीधर. कारकुनाच्या परीक्षेत दोनदा आपटलेला.

"मी उतरतो, बाबा," तो म्हणाला होता.

"उतरलास तर माझं मेलेलं तोंड बघशील." वडिलांचा आवाज चढला नव्हता. "हजेरीची सही तू कर. उतरायला बदली ठेवू. सगळे ठेवतात."

ठेवत होते खरे. गादीवाला पगार घ्यायचा, त्यातला तुकडा एखाद्या उपाशी माणसापुढे टाकायचा आणि तो माणूस उतरायचा. त्याला प्रजा म्हणत. प्रजेचं नाव कुठंच लागत नसे. प्रजा आत गुदमरून मेली तर राजाला ना सोयर ना सुतक. राजानं फक्त 'ओळखत नाही' म्हणायचं. ओळखतो म्हटलं की बदली ठेवल्याची कबुली झाली. मग गादीही गेली आणि खोलीही.

बदली ठेवणाऱ्यांच्या नावानं हयातभर थुंकलेला बाप आता स्वतःच पोरासाठी प्रजा शोधत होता. त्याला बापाची लाज वाटली. आणि सुटल्यासारखंही वाटलं, ते त्यानं कुणाला सांगितलं नाही.

"माणूस मिळालाय," आठवड्याभरात वडील म्हणाले. "पुलाखाली राहतो. बायको आहे, दोन पोरी आहेत. पीत नाही, कुरकुरत नाही. त्याचे पैसे मी पोचवीन. तू त्याला भेटायचं नाही."

"एकदा तरी..."

"राजानं प्रजेच्या डोळ्यांत बघितलं की राज्य होत नाही. तू अभ्यास कर."

त्यानं हट्ट धरला नाही. सकाळी सही ठोकून तो वाचनालय गाठायचा. वडील त्याआधीच बागेत गेलेले असत. तिथं म्हाताऱ्यांचा दरबार भरतो म्हणे. गेल्या महिन्यात त्यांनी त्याला चामड्याचे बूट आणले. "परीक्षेला घाल. राजे अनवाणी बरे दिसत नाहीत." आई म्हणाली, "स्वतःसाठी खोकल्याचं औषध आणवत नाही ह्यांना, आणि पोराला बूट."

तेच बूट करकरत तो बाजारातून चालला होता. डोक्यात पुलाखालच्या दोन पोरी होत्या. संध्याकाळी तिथं जायचं, त्यानं ठरवलं. जाऊन काय बोलायचं, ते सुचत नव्हतं.

चेंबरभोवती नाक दाबून माणसं उभी होती. एरवी तो दिसला की टोळी वाकून मुजरा घालायची, "राजे पधारले" म्हणून खिदळायची. आज कुणी वर बघितलं नाही. सरदार पाठ करून बसला होता. दोरी अजून त्याच्या मनगटाला गुंडाळलेली होती.

कडेला ते होतं. उतरताना तोंडाला बांधतात ते फडकं डोळ्यांपर्यंत तसंच; वरचं कपाळ, केस, सगळं गाळानं काळं पडलेलं. गळ्यापासून खाली चादर. पायांकडून ती कुणीतरी नीट दुमडून घातली होती.

"पोरींना कळवलं?" त्यानं मुकादमाला हळूच विचारलं.

"कुठल्या पोरी?" मुकादम म्हणाला. मग घाईनं त्याचं कोपर धरलं. "डोकं ठिकाणावर ठेव. आईला घेऊन कुठं जाशील, तेवढं बघ. बाकी काही बघू नकोस."

हवालदार उठला. "चेंबर तुझ्या नावावर. मग हा कोण?"

"भटका असेल साहेब," मुकादम म्हणाला. "भंगाराच्या आशेनं उतरला असेल."

"तुला विचारलं का? काय रे, फडकं काढू? तोंड बघतोस?"

"नको," तो म्हणाला. फार पटकन म्हणाला.

"ओळखतोस?"

त्याला पुलाखालच्या पोरी दिसल्या. मग खोली दिसली, चुलीपाशी बसलेली आई दिसली.

"नाही. कधी बघितलेलाच नाही, साहेब."

एवढं एक वाक्य तरी खरं आहे, असं त्याला वाटलं.

हवालदारानं लिहून घेतलं. माश्या घोंगावत होत्या. हवालदार वाकला आणि चादरीचं टोक धरून त्यानं ती डोक्यावरून ओढली.

चादर तोकडी होती. तोंड झाकलं तसे पाय उघडे पडले.

नऊ किल्ले शाबूत होते.

सरदाराच्या तोंडून हुंदका फुटला. मुकादमाची पकड कोपरावर घट्ट झाली. हवालदारानं मान वर केली.

"काय रे? आठवला का कोण ते?"

"नाही," राजे म्हणाले.