ऑलिव्ह आजारी आहे

“हे नाही चालायचं,” म्हणत पोस्टातल्या मिसेस पायबसनी तारेचा कागद काचेखालून परत सरकवला.

कागदावर विल्फ्रेड स्टॅमर्सने लिहिलं होतं : ‘येऊ नकोस. इथे बॉम्ब पडताहेत.’

“अहो, पण पडताहेत ना!” विल्फ म्हणाला.

“मला सांगताय? माझं अर्धं छप्पर मार्चमध्येच उडालं. पण आपल्या गावावर बॉम्ब पडले, हे बाहेर कुणाला कळवायचं नाही. मागची पाटी वाचा. तुम्हीच ठोकून गेलात ना ती?”

विल्फला पाटी वाचायची गरज नव्हती. तो त्या वस्तीचा हवाई हल्ल्याचा वॉर्डन होता. डोक्यावर लोखंडी टोप, गळ्यात शिट्टी आणि नियम सगळे तोंडपाठ. १९४१च्या त्या वसंतात त्याचं बंदर रोज भाजून निघत होतं आणि रेडिओ सांगत होता, ‘ईशान्य किनाऱ्यावरच्या एका गावी किरकोळ नुकसान.’ गावाचं नाव शत्रूला कळता कामा नये. ज्याने बॉम्ब टाकले त्यालाच ते कुठे टाकले हे कळू नये, यामागे काहीतरी खोल विचार असणारच, अशी विल्फची श्रद्धा होती. बायको, ऑलिव्ह, नणंदेला पत्र लिहायला बसली की हा कात्री घेऊन शेजारी बसे. टपालात पडेपर्यंत पत्रात मजकूर कमी आणि भोकंच जास्त असत.

ही नणंद म्हणजे विल्फची थोरली बहीण, एडना. ती पश्चिमेकडच्या एका बंदरात राहायची. तिच्या गावाचं नाव रेडिओवर कधी आलं नव्हतं, त्यामुळे तिच्याबद्दल विल्फ निर्धास्त होता. आणि काल तिचं पत्र आलं : ‘मॉरीनला घेऊन गुरुवारी येते. तुमच्याकडची हवा तिला मानवेल.’ मॉरीन तिची पाच वर्षांची नात. बाप आरमारात, आई दारूगोळ्याच्या कारखान्यात. सुखात असलेली पोर आपण होऊन या आगीत येणार, या विचाराने विल्फच्या तोंडचं पाणी पळालं होतं.

त्याने दुसरा कागद घेतला. ‘येऊ नकोस. हवा वाईट आहे.’

“हवामान तर मुळीच नाही,” मिसेस पायबस म्हणाल्या. “त्यांच्या विमानांना उपयोग होतो.”

विल्फने मान डोलावली. नियम बरोबरच होता. त्याने पेन्सिल चावली आणि तिसरा कागद लिहिला. ‘येऊ नकोस. ऑलिव्ह आजारी आहे.’

“हां, हे जाईल,” म्हणत त्यांनी शिक्का मारला. “काय झालंय हो ऑलिव्हला?”

“काही नाही,” विल्फ म्हणाला.

ऑलिव्ह घरी स्टुलावर चढून फुटक्या खिडकीला पुठ्ठा ठोकत होती. तारेचं ऐकून ती हातोडीसकट खाली उतरली.

“मला धडधाकटला आजारी पाडलंत? आणि काय म्हणून? अहो, मी ठणठणीत असताना वन्सं एक वेळ यायच्या नाहीत. मी आजारी म्हटल्यावर धावत येतील! माझ्या स्वयंपाकघरात हुकूम चालवायची संधी सोडतील होय?”

झालंही तसंच. गुरुवारी यायची ती एडना बुधवारी दुपारीच दारात उभी. हाताशी मॉरीन, अंगात कुणाचातरी ढगळ कोट आणि बरोबर एकच पिशवी. रस्त्यात काचांचा खच पडला होता. शेजारच्या घराच्या जागी खड्डा होता आणि त्यातून अजून धूर येत होता. एडनाने खड्ड्याकडे पाहिलं, मग भावाकडे पाहिलं.

“परवा वारा फार झाला,” विल्फ म्हणाला.

“वाऱ्याचेच दिवस आहेत,” एडना म्हणाली आणि आत आली. भावजयीला तिने आपादमस्तक न्याहाळलं. “रंग तर बरा दिसतोय गं तुझा.”

“तुमच्या पायगुणाने बरी झाले, वन्सं,” म्हणत ऑलिव्हने चहाची किटली चढवली.

विल्फ मॉरीनकडे बघत होता. केवढीशी मान तिची! या माणसाने जन्मात कधी पावाची रांगसुद्धा मोडली नव्हती. पण आता त्याला राहवेना. त्याने डोक्यावरचा टोप काढला, दार लावून घेतलं आणि आवाज अगदी खाली आणला.

“ताई, वारा नव्हता तो. गावाची राखरांगोळी चाललीय. या एका आळीत अकरा माणसं गेली. हे तुला सांगितलं म्हणून मला तुरुंगात घातलं तरी चालेल. पण उद्या सकाळच्या गाडीने या पोरीला घेऊन घरी जा. तुमच्याकडे शांत आहे.”

ऑलिव्ह किटली विसरून नवऱ्याकडे पाहत राहिली. संसाराच्या वीस वर्षांत तो पहिल्यांदाच नियम मोडत होता आणि तिला त्याचा चक्क अभिमान वाटला. एडना मात्र नुसती कोटाचं बटण चाचपत बसली.

मॉरीन केव्हाच टेबलाखाली शिरली होती. तिला कुणी सांगितलं नव्हतं. आत बसून तिने टेबलाचे चारही पाय एकेक करून हलवून पाहिले.

“आजी, हे मजबूत आहे,” ती म्हणाली. “आपलं टेबल घराबरोबर गेलं ना, तसं हे नाही जायचं.”

एडनाने झटकन वाकून तिच्या तोंडावर हात ठेवला.

“शूः! असं बोलायचं नाही, राणी. मामाआजोबा वॉर्डन आहेत ना!”