सातवी मुलाखत

“नाव सांग. मग तू मोकळी,” गोविंदा म्हणाला.

देवळाच्या मंडपात गावकी भरली होती. सतरंजीवर सात पंच, मधोमध त्यांचा म्होरक्या गोविंदा, त्यांच्यामागे गावातले पुरुष. बायकांना गावकीत बसायची रीत नव्हती. त्या बाहेर पायऱ्यांवर दाटीवाटीने उभ्या होत्या. आत एकटी किमया, खांबाला टेकून. रोह्याच्या कॉलेजात ती समाजशास्त्र शिकवायची आणि तिथेच वरसेला खोली घेऊन राहायची. आपल्या या गावातली ती पहिलीच पीएच.डी. गेल्या वर्षी गावाने याच मंडपात तिला शाल-नारळ दिला होता. अभ्यास कशाचा केला, ते मात्र तेव्हा कुणी विचारलं नव्हतं.

अभ्यास वाळीत टाकण्याच्या प्रथेचा होता.

महिन्यापूर्वी पेणच्या एका साप्ताहिकाने त्यातली काही पानं छापली, आणि गावाला ते कळलं. छापताना गावाचं नाव वगळलं होतं, माणसांचीही. पण ओळखायला नावं कशाला लागतात? चार वर्षांपूर्वी ग्रामपंचायतीसाठी गावकीने आपला माणूस बिनविरोध ठरवला. गावातल्या सख्याच्या पोराने, निलेशने, त्याच्याविरुद्ध अर्ज भरला. झालं, सख्याचं घर वाळीत. गिरणीवर दळण बंद, लग्नाकार्याला बोलावणं बंद, रस्त्यात बोलणंसुद्धा बंद. सख्याची आई गेली तेव्हा खांदा द्यायला चार माणसं जमेनात. निडीहून भाचे येईपर्यंत तिरडी अंगणात थांबली. सख्या कोर्टाची पायरी चढला, पण गावातलं एक माणूस साक्षीला उभं राहत नव्हतं.

आणि छापून आलेली सातवी मुलाखत गावातल्याच एका बाईची होती.

गोविंदाने कात्रण उलगडलं आणि चष्मा लावून मोठ्याने वाचलं. “‘दवंडी दिली तवा मी दारातच व्हते. ज्यांना वाळीत टाकलं त्या घरची बाय माझ्यासंगती बारा वर्सं मिठागरात राबली. आता तिच्या दारावरून जाते आन् मान खाली घालते. घरी येऊन घास गिळत नाय. पण बोलणार कशी? घरचंच माणूस पंच हाय.’”

पंच सात, म्हणजे सात घरं. महिनाभर त्या घरांतून धुसफूस चालली होती. गोविंदाने तर बायकोला देवासमोर उभं करून शपथ घ्यायला लावली होती. एकट्या काळुरामने घरात काही विचारलं नव्हतं. तो आताही पंचांच्या रांगेत कडेला बसला होता. तो किमयाचा बाप.

“उद्या कोर्टाची तारीख हाय,” गोविंदा म्हणाला. “ही बाय तिथं गेली, तर आम्ही सातही जण आत जाऊ. तू नाव सांग, आम्ही तिला समजावतो.”

“कसं समजावता, तेच तर मी लिहिलंय, काका,” किमया म्हणाली. “मी शब्द दिलाय. नाव नाय सांगणार.”

“मग आजपासून तुमचं घर वाळीत.”

मागच्या रांगेत प्रणित ताडकन उठला. किमयाचा हा धाकटा भाऊ डोलवीच्या कारखान्यात कंत्राटावर होता. बारा दिवसांवर त्याचं लग्न आलं होतं. मुलगी शेजारच्या गावची. घर वाळीत पडलं, की तिकडची गावकीही सोयरीक मोडणार, हे मंडपातल्या प्रत्येकाला माहीत होतं.

“ताई, सांगून टाक ना गो,” तो म्हणाला. त्याचा आवाज फाटला होता.

किमयाने हात पाठीमागे घेतले. पायऱ्यांकडे तिने एकदाही पाहिलं नाही.

“नाय,” ती म्हणाली.

“ऐकलंस, काळुराम?” गोविंदाने कात्रणाची घडी घातली. “पोर तुझी, आन् दवंडीही तुझीच. उठ.”

गावकीची दवंडी पंधरा वर्षं काळुरामच द्यायचा. त्याचा आवाज खाडीपलीकडे ऐकू जायचा. तो गुडघ्यावर हात देऊन सावकाश उठला. त्याने तोंड उघडण्याआधीच पायऱ्यांवरून आवाज आला.

“थांबा.”

बायकांनी वाट दिली. बायजाबाई उंबरा ओलांडून मंडपात आली. सतरंजीच्या कडेशी थांबली, मग सतरंजीवरही पाय टाकला.

“ती सातवी बाय मी,” किमयाची आई म्हणाली. “पोरीनं शब्द पाळला. आता तिला नका छळू. उद्या मी पेणला जाणार, कोर्टात.”

किमयाने डोळे मिटून घेतले. मुलाखत देताना आईने एकच अट घातली होती, तुझ्या बापाला कळता कामा नये.

प्रणित मटकन खाली बसला. गोविंदाने बायजाबाईकडे पाहिलंच नाही. तो काळुरामच्या जवळ गेला आणि आवाज उतरवून म्हणाला, “बायकोला आवर. साक्ष एकच पुरते, तुला ठावं हाय.”

काळुराम बायकोकडे बघत होता.

“पेपरात आलं त्याच दिवशी ओळखलं व्हतं मी,” तो तिला म्हणाला. “महिनाभर वाट बघितली, तू कधी बोलशील म्हणून.”

मग तो गोविंदाकडे वळला आणि सगळ्या मंडपाला ऐकू जाईल असं म्हणाला, “ती एकटी नाय जायची. दवंडी मी दिली व्हती. ती कोणी द्यायला लावली, ते उद्या कोर्टात मी सांगणार हाय.”